एका कादंबरीवर एक कोश

आमच्या घरी पुस्तकं आली ती लाकडांच्या नावाखाली. अण्णांच्या कंपनीत परदेशातून यंत्रं यायची, आणि ज्या खोक्यांतून ती यायची त्या खोक्यांचं लाकूड कामगारांना चिठ्ठ्या टाकून मिळायचं. पिवळसर, हलकं, खिळ्यांच्या भोकांनी भरलेलं. रहाटणी-काळेवाडीकडच्या निम्म्या घरांतल्या खाटा, शिड्या, देव्हारे त्याच लाकडाचे असत. कुणाकडे पाहुणे म्हणून गेलं आणि दुपारी आडवं झालं, की माळ्याच्या फळीवर छत्रीचं चित्र आणि परक्या भाषेतला काहीतरी हुकूम दिसायचा. आई दोन दिवाळ्या चिठ्ठी लागायची वाट बघत होती. तिला स्वयंपाकाच्या कोपऱ्यात भांड्यांची मांडणी हवी होती; कुठल्या फळीवर डबे आणि कुठल्या फळीवर ताटं हे तिनं भिंतीवर कोळशानं रेघा मारून ठरवूनसुद्धा ठेवलं होतं. अखेर अण्णांची चिठ्ठी लागली आणि एका गुरुवारी सकाळी हातगाडीवरून दोन भलीमोठी खोकी आमच्या दारात उतरली. गुरुवार अशासाठी, की आमच्याकडच्या कारखान्यांची सुट्टी गुरुवारी असायची. रविवार हा आमच्या दृष्टीनं पुण्यातल्या लोकांचा वार होता.

खोकी रिकामी नव्हती. अण्णांनी पहारीनं पहिली फळी उचकटली तर आत पुस्तकं. कंपनीच्या कँटीनवर एक वाचनालयाची खोली होती, तिथं हजेरीचं टाइम ऑफिस आणायचं ठरलं होतं. स्टोअरच्या माणसांनी कपाटं रिकामी केली, पुस्तकं हाताला येतील तशी दोन खोक्यांत कोंबली आणि खोकी भंगाराच्या शेडजवळ नेऊन ठेवली. तिथून ती आमच्या वाट्याला आली. अण्णा सरळ माणूस, दुसऱ्याच दिवशी विचारायला गेले. स्टोअरकीपर म्हणाला, "लॉट म्हणजे लॉट, राव. आत काय निघालं ते मी बघत नाही." आई मराठवाड्यातली. चाळीस वर्षं इकडे काढूनही तिनं आपली बोली पिंपरीच्या हवाली केली नाही. खोकं उघडलं तेव्हाच कमरेवर हात ठेवून ती त्याच्याकडे बघत राहिली होती.

"लाकडं आणतो म्हणलाव की वो तुमी."

"लाकडंच आहेत. आत पुस्तकं निघाली."

"मंग पुस्तकं काढा अन् लाकडं द्या मला."

पण तोवर अण्णा खोक्याच्या कडेवर बसून एका जाडजूड ग्रंथात शिरले होते. त्या लाकडाची मांडणी झालीच नाही, पुस्तकांचं कपाट झालं. पुढे आयुष्यभर दोघांचं कशावरूनही वाजलं, भाजीत मीठ जास्त झालं म्हणून किंवा माझ्या लग्नात कुणाला आहेर राहिला म्हणून, तरी तिसऱ्या वाक्याला आई मांडणीवर येत असे, आणि मांडणी आली की अण्णा चप्पल घालून बाहेर पडत असत.

पुस्तकं दोनच जातींची निघाली. कंपनीत ज्यानं कुणी ती घेतली असतील तो एक तर फार हुशार होता किंवा दोन माणसं होती आणि त्यांचं एकमेकांशी पटत नव्हतं. निम्मे सगळे कोश आणि माहितीचे ग्रंथ: प्रथमोपचाराचा, जगातल्या देशांचा, समुद्रातल्या प्राण्यांचा, व्यापारी पत्रांच्या नमुन्यांचा, म्हशींच्या रोगांचा, आणि आता कुणाच्याही उपयोगाचं नसलेलं एक रेल्वेचं वेळापत्रक, ज्यालाही अण्णा आदरानं कोशच म्हणत. उरलेल्या निम्म्या विनोदी कादंबऱ्या. चुकून निवडून आलेल्या सरपंचाची, एकाच सासऱ्याकडे घरजावई झालेल्या तिघांची, लग्नात बूट हरवलेल्या नवरदेवाची, अशा. कोशांची पानं करकरीत होती. कादंबऱ्यांची पानं चहाच्या डागांनी आणि तेलकट अंगठ्यांनी भरली होती, काहींच्या पाठी निघाल्या होत्या, आणि बुटांच्या कादंबरीत एका पानाशी कँटीनमधल्या शेवेचे तुकडे होते. अण्णांनी वरच्या तिन्ही फळ्यांवर कोश लावले आणि कादंबऱ्या खाली, जिथं उंदीर पोचायची शक्यता जास्त होती.

अण्णा कंपनीत फायनल इन्स्पेक्शनला होते. तयार नगाच्या भोकात गेज, म्हणजे मापाची दांडी, घालायचा. त्याचं एक टोक आत गेलं पाहिजे, दुसरं जाता कामा नये. तसं झालं तर नग पास, नाहीतर लाल रंगाचा ठिपका. आठ तास हेच. घरी आल्यावरही त्यांच्या डोळ्यांतला गेज खाली ठेवलेला नसायचा. आईची भाकरी, माझी वेणी, शेजारच्यांची उभी केलेली सायकल, सगळं ते एकदा बघून पास करायचे. त्यांची शाळा सातवीला सुटली होती. घरच्या अडचणीनं सुटली एवढंच सांगायचे, त्याच्या पुढचं कधी सांगितलं नाही. पण कोश हातात घेतला की त्यांचा चेहरा असा काही उजळायचा, की तेवढ्यापुरतं मला त्यांच्यावर फार प्रेम यायचं. व्हेलच्या हृदयाचं वजन कळल्यावर ते दोन दिवस कामावर त्या आनंदात गेले होते. कादंबरीला मात्र हात लावत नसत. "हसून माणसाच्या हाती काय लागतं?" असं विचारायचे, आणि विचारताना खरंच उत्तराची वाट बघायचे.

आसपासच्या लोकांना पुस्तकांची बातमी लागायला वेळ लागला नाही. सगळ्यात आधी आले जगन्नाथकाका, अण्णांच्याच खात्यातले, पोट आणि आवाज दोन्ही मोठे. मग सलीमभाई, चौकात ज्यांचं स्कूटर दुरुस्तीचं गॅरेज होतं. मग आमच्या घरमालकीण हौसाआत्या, मूळच्या रहाटणीच्याच, घरी चार म्हशी. आत्यांना वाचता येत नव्हतं. पण सून वाचून दाखवायची आणि आत्या धारा काढताना ऐकायच्या. सगळ्यांना हव्या होत्या त्या कादंबऱ्याच. तिघंही वरच्या फळ्यांकडे मान वर करून बघायचे, "लई भारी पुस्तकं हायेत," म्हणायचे आणि खाली वाकायचे. अण्णांना याचा इतका त्रास व्हायचा की कुणी सरपंच किंवा जावई काखेत मारून निघालं, की ते पाठमोऱ्या माणसाकडे, लाल ठिपका लावायचा राहून गेल्यासारखे बघत राहायचे.

त्याच सुमारास कोपऱ्यावरच्या वाण्यानं एक नवीन रीत काढली होती. डालड्याचा तुटवडा होता, आणि डालडा हवा तर त्याच्याकडचा कुणी घेत नसलेला चहा घ्यावाच लागेल, असं तो सांगायचा. अण्णा त्याच्याशी कडाडून भांडून आले होते. हा अन्याय आहे, गरजू माणसाची ही अडवणूक आहे, असं त्यांनी भर दुकानात सुनावलं होतं, आणि चहाची पुडी घेऊन परतले होते. पुढच्याच गुरुवारी आमच्या कपाटावर पुठ्ठा लागला, अण्णांच्या सरळ, आखीव अक्षरात: एका कादंबरीवर एक कोश. नियम सर्वांना सारखा.

"वाण्याला नावं ठेवलाव अन् आता तुमी काय करायलाव?" आईनं विचारलं.

"वाणी जुना चहा खपवतो. मी ज्ञान देतोय."

लोकांनी कुरकुर केली नाही. चहाची पुडी घ्यायची सवय सगळ्यांनाच होती. हौसाआत्यांची सून दोन पुस्तकं पदराखाली घेऊन जायची आणि तो आठवडाभर देशांचा कोश त्यांच्या गोठ्यात कळशीवर झाकण म्हणून राहायचा. अण्णांच्या हे ध्यानात आलं, तेव्हा त्यांनी नियमाला पुरवणी जोडली. पुस्तकं परत करताना कोशातला एक प्रश्न विचारला जाईल. उत्तर आलं तरच पुढची कादंबरी. आणि इथं अण्णांच्या हातून ती चूक झाली, जी इन्स्पेक्शनमध्ये हयात घालवलेल्या माणसाच्याच हातून होऊ शकते. फायनलला एका नगाचं एकच ठरलेलं माप तपासायचं असतं. तसं त्यांनी प्रत्येक कोशाला एकच ठरलेला प्रश्न नेमून दिला. प्रथमोपचाराला, माणसाच्या अंगात हाडं किती? देशांच्या कोशाला, आफ्रिकेतली सगळ्यात लांब नदी कोणती? समुद्री प्राण्यांना अर्थातच व्हेलचं हृदय. माणूस कुठलाही येवो, प्रश्न तोच. त्या प्रश्नांची यादी अण्णांनी माझ्याकडून सुवाच्य अक्षरात लिहून घेतली आणि कपाटाच्या दाराच्या आतल्या बाजूला चिकटवली. मी तेव्हा नववीत होते. देवघेवीची वही माझ्याकडे असायची, आणि दर गुरुवारी दहा ते बारा मी एका उलट्या खोक्यामागे बसून कुणी काय नेलं ते लिहायचे.

पहिलं उत्तर मी फोडलं ते दयेपोटी. हौसाआत्या स्वतः पुस्तकं परत करायला आल्या होत्या, सून माहेरी गेली होती, आणि तिन्ही जावयांचं पुढं काय झालं या काळजीनं त्यांचा जीव टांगणीला लागला होता. अण्णा मागच्या दाराला हात धूत होते.

"सुमे, काय इचारत्याल गं? आमी काय शिकल्यालो न्हाई."

"नदी विचारतील आत्या. नाईल म्हणा."

"नाइलाज? व्हय, न्हाई तर काय करायचं?"

"नाही नाही. नुसतं नाईल म्हणा."

आत्यांनी इतक्या ठसक्यात नाईल म्हटलं, की अण्णांना भरून आलं. दुसऱ्या दिवशी आत्यांकडून खरवस आला. त्यानंतर दया कमी होत गेली आणि खाणं वाढत गेलं. सलीमभाईंनी माझ्या सायकलचं पंक्चर काढून दिलं आणि जाता जाता विचारलं, "बेटा, ते हाडांचं काय ते एकदा सांगून ठेव ना." जगन्नाथकाका कँटीनचे लाडू रुमालात बांधून आणायचे. त्यांना मला विचारायची लाज वाटायची, म्हणून ते लाडू ठेवून नुसतेच उभे राहायचे. मग त्यांनी आणखी चौघांना सांगितलं, त्या चौघांनी आपल्या बायकांना. मी कुणाला नाही म्हटलं नाही. खरं सांगायचं तर खरवस आणि लाडू हे नंतरचं. मोठी माणसं आपल्यापुढे वाकून हळू आवाजात काहीतरी मागतात, याचीच मला चटक लागली होती. माझा मुलगा ताथवड्याच्या एका इंजिनियरिंग कॉलेजात शिकवतो. कुठला पेपर फुटला की तो जेवताना तावातावानं बोलतो, फोडणाऱ्यांची अक्कल काढतो, आणि मी त्याला आणखी एक पोळी वाढते.

दोन-तीन महिन्यांत आमच्या वस्तीत चुकीचं उत्तर देणारा माणूस उरला नाही. अण्णांचा आनंद बघवत नव्हता. कंपनीत एखाद्या मशीनवर आठवडाभर एकही नग बाद झाला नाही, तर हेच अण्णा संशय येऊन गेज बदलून पुन्हा सगळं तपासत. घरी मात्र दर गुरुवारी शंभर टक्के माल पास होतोय, हे बघून त्यांना वस्ती सुधारल्याची खात्री पटली. व्यापारी पत्रांच्या कोशातला नमुना समोर ठेवून त्यांनी कंपनीच्या कामगार कल्याणाच्या साहेबांना पत्र लिहिलं. 'आपला कृपाभिलाषी' पासून 'मालाचा दर्जा उत्तम आहे' पर्यंत सगळं त्यात होतं. मागणी एवढीच होती, की कामगारांच्या ग्राहक भांडाराशेजारची एक खोली या वाचनालयाला द्यावी. वाचकांना साहेबांनी स्वतः येऊन तपासावं, असंही वर लिहिलं. ते पत्र मला वाचून दाखवताना ते म्हणाले, "सुमन, खोली मिळाली तर पाटीवर तुझंही नाव घालू. निम्मं काम तुझं आहे." त्या रात्री मला जेवण गेलं नाही. सांगून टाकावं असं दहा वेळा मनात आलं, आणि दहाही वेळा मी दुसरंच काहीतरी बोलले. साहेब कशाला येतायत, असं मी स्वतःला सांगत राहिले.

साहेब आले. गुरुवारी सकाळी दहाला, इस्त्रीचा पांढरा शर्ट घालून, आणि माणूस गोड होता हे त्यातलं सगळ्यात वाईट. आईनं सुशीला केली होती. चुरमुरे भिजवून आमच्याकडे करतात ती, इकडच्या लोकांना सुशीला हे बाईचं नाव वाटतं, साहेबांनाही वाटलं, आणि ते "कोण सुशीलाताई?" म्हणून विचारते झाले. वाचकांना अण्णांनी भिंतीला लागून ओळीनं बसवलं होतं. सगळे आंघोळ करून, कपाळाला गंध लावून, सलीमभाई अत्तर लावून, आणि सगळ्यांचे ओठ हलत होते. मी खोक्यामागे बसले होते. साहेबांनी कपाट बघितलं, कौतुक केलं, आणि अण्णांनी दाखवलेल्या यादीकडे न बघता वरच्या फळीवरून प्रथमोपचाराचा कोश काढून मध्येच उघडला.

"हं, सलीमभाई. समजा गॅरेजमध्ये कुणाचा हात भाजला. पहिल्यांदा काय कराल?"

"दोनशे सहा, साहेब," सलीमभाई ताडकन म्हणाले.

साहेबांनी चष्म्यावरून बघितलं. "काय दोनशे सहा?"

सलीमभाईंनी माझ्याकडे बघितलं. मी वहीत बघितलं. अण्णा घाईनं म्हणाले, "घाबरलाय तो. आत्यांना विचारा, आत्यांची तयारी चांगली आहे." साहेबांनी देशांचा कोश काढला, दोन पानं चाळली आणि अगदी मऊ आवाजात विचारलं, जपानमध्ये लोक मुख्यतः काय खातात? म्हणजे साहेबांना सोपंच विचारायचं होतं. हौसाआत्यांनी एकदा त्यांच्या तोंडाकडे बघितलं. मग सरळ माझ्याकडे वळल्या. त्यांच्या आवाजात राग नव्हता, नुसती तक्रार होती.

"सुमे, ह्ये न्हवतं की गं. तू तर नदी सांगितली व्हतीस."

जगन्नाथकाकांनी सावरायचं म्हणून पुढे होऊन "साडेसहाशे किलो, साहेब," असं व्हेलचं हृदय देऊन टाकलं, त्यानं काम आणखी बिघडलं. साहेब समजूतदार. त्यांनी कोश मिटला आणि खालच्या फळीकडे बोट करून विचारलं, "बरं, या कादंबऱ्या कुणी वाचल्यात?" त्याबरोबर ओळ उठून उभीच राहिली. नवरदेव एका पायात मेहुणीची चप्पल आणि दुसऱ्या पायात सासऱ्याचा गमबूट घालून बोहल्यावर चढतो, तो प्रसंग जगन्नाथकाकांनी करून दाखवला. तो गमबूट सासऱ्याचा नाही, वाढप्याचा, अशी सलीमभाईंनी दुरुस्ती केली, आणि आत्यांनी दोघांनाही गप्प करून नवरदेवाची आई त्या वेळी काय म्हणाली ते शब्दाला शब्द सांगितलं. साहेबांना हसता हसता सुशीलेचा ठसका लागला. आईनं पाणी आणलं. सगळी खोली हसत होती आणि अण्णा कपाटाचा कोपरा धरून उभे होते. ते माझ्याकडे बघत नव्हते. कपाटाच्या दारामागची माझ्या अक्षरातली यादी बघत होते.

साहेब "कळवतो" म्हणून गेले. ते कळवणं अजून यायचं आहे.

सगळे गेल्यावर अण्णांनी यादी नखानं खरवडून काढली, चार घड्या घालून खिशात ठेवली आणि सायकल काढून कुठंतरी गेले. मला वाटलं आल्यावर मारतील. मारलं असतं तर बरं झालं असतं. ते माझ्याशी बोलायचेच थांबले. "तिला म्हणावं पाणी दे," "तिला म्हणावं दार लाव," असं आईकडून यायचं, मी समोर दोन हातांवर असले तरी. मी माझ्या बाजूनं काय काय केलं. त्यांचा गणवेश इस्त्री केला, त्यांचा डबा मी भरला, वही नीट आखून ठेवली. एकदा धीर करून, "अण्णा, चुकलं," असं म्हटलं, तर त्यांनी माझ्या डोक्यावरून भिंतीवरच्या कॅलेंडरकडे बघितलं आणि आईला विचारलं, आज तारीख काय. आपलं पोर खोटं बोलतं, एवढंच त्यांना लागलं असतं तर ते मला दोन शब्द बोलले असते. त्यांना लागलं होतं ते हे, की आपल्याला वेडं ठरवण्यात सगळी वस्ती सामील होती आणि त्यांची म्होरकी आपल्या घरात जेवत होती. हे मला तेव्हाही कळत होतं, नववीतल्या मुलीला कळायला नको इतकं स्वच्छ कळत होतं, आणि त्या दिवसांत मी रोज शाळेतून येताना वळणावर थांबून मग घरात शिरायचे.

वाचनालय चालू राहिलं, पण पुठ्ठा काढून टाकला होता. लोक यायचे, खालच्या आवाजात बोलायचे. "काय हवं ते न्या," अण्णा सांगायचे. "जोडी नको. प्रश्न नाही." हौसाआत्यांनी त्यांना समजवायचा प्रयत्न केला. "पोर लहान हाय वो अण्णा. आमीच मागं लागलो व्हतो. आमास्नी वरडा." अण्णा म्हणाले, "तुमचं काही नाही आत्या." सलीमभाई मात्र एक कोश काढून घेऊन गेले, न सांगता. पुढच्या वेळी आणून जागेवर ठेवला आणि अण्णांकडे न बघता म्हणाले, "भाजल्यावर थंड पाणी ओतायचं, भाऊ. बर्फ नाही, तेल नाही." अण्णांनी मान हलवली. आई मधल्यामध्ये दोघांचे निरोप पोचवून इतकी कंटाळली, की एकदा पोळपाट आपटून म्हणाली, "तुमच्या त्या पुस्तकापरीस माझी मांडणी झाली असती तर हे झालं नसतं." या वेळी अण्णा चप्पल घालून बाहेरसुद्धा गेले नाहीत, एवढं त्यांनी ते मनाला लावून घेतलं होतं.

चौथ्या गुरुवारी आई दळण घेऊन गिरणीत गेली. गिरणीत नंबर लागायचा म्हणजे तास मोडायचा. वाचक येऊन गेले होते. मी दाराच्या उजेडात सूप घेऊन तांदूळ निवडत बसले होते. अण्णा कपाटासमोर उभे राहिले, बराच वेळ, आणि मग गुडघ्यावर हात टेकून खाली वाकले. खालच्या फळीवरून त्यांनी चुकून निवडून आलेला सरपंच काढला. घरात एवढी फितुरी झाली ती नेमकी कशासाठी, हे त्यांना बघायचं असावं. लोखंडी खुर्ची उघडली, चष्मा लावला, कानावरची पेन्सिल हातात घेतली आणि कोश वाचतात तसे वाचायला बसले. मधूनमधून समासात काहीतरी लिहीत होते. ते मी पुढे बघितलं: 'पान ३ वर वय ४२. पान ७ वर ४५. तपासावे.'

मला ती कादंबरी पाठ होती. पानं किती उलटली यावरून अण्णा आता कुठं आहेत हे मी खाली मान घालूनही ओळखत होते. सरपंच निवडून आला, हार घालून घेतला, मिरवणुकीसाठी घोडा हवा म्हणून माणसं पाठवली. तिथं पेन्सिल थांबली. मी खडे निवडायचे थांबले. अण्णांचा सदरा पोटाजवळ हलायला लागला. त्यांनी खोकून बघितलं. उठून आत जाऊन पाणी पिऊन आले, पुन्हा बसले, तेच पान पुन्हा काढलं आणि ओठ घट्ट मिटून वाचायला लागले. त्यांचे कान लाल झाले. नाकातून एक विचित्र आवाज आला, तो त्यांनी शिंक असल्यासारखा दाखवला. मग चष्मा काढून पुसला आणि त्यांनी रस्त्याकडे बघितलं. आई येत नव्हती. ओट्यावरही कुणी नव्हतं. माणसानं असं पोटात धरून ठेवावं तरी किती वेळ, आणि सांगायला घरात मी सोडून दुसरं कुणी नव्हतं.

"हा घोडा," अण्णा म्हणाले, भिंतीकडे बघत, "दूधवाल्याचा आहे."

"हो अण्णा."

"म्हणजे तो रोजच्या सवयीनं दारोदार थांबणार."

"हो."

"आणि सरपंचाला हे कुणी सांगितलेलंच नाही."

"नाही."

अण्णांचा बांध तिथं फुटला. इतक्या वर्षांत मी त्यांना असं हसताना ऐकलं नव्हतं. बारीक, चिरका, लहान मुलाचा आवाज होता तो, त्यांच्या अंगाला न शोभणारा. खुर्ची करकरली. मलाही हसू यायला लागलं, आणि हसताना मी रडते आहे हे मला सुपातल्या तांदळावर थेंब पडला तेव्हा कळलं. "एका दारात तर," मी म्हणाले, "त्याची जुनी—"

अण्णांनी एकदम हात वर केला. "पुढचं सांगू नकोस."

त्यांनी डोळे पुसले, पुन्हा पुस्तकात बघितलं, पण डोळ्यांतलं पाणी थांबेना आणि अक्षरं लागेनात. शेवटी खुर्ची माझ्या बाजूला सरकवून त्यांनी ते पुस्तक तसंच उघडं माझ्यापुढं धरलं. मी हात परकराला पुसून ते घेतलं.

"माफ केलेलं नाही अजून," अण्णा म्हणाले.

"हो अण्णा."

"मोठ्यानं वाच."